कुत्र्याला अचानक दिसेनासं झालं तर

आजचा भाग नेहमीपेक्षा जरा लांबला आहे. ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला सोयीचं वाटतं त्यांच्यासाठी हा मजकूर. बोलताना झालेली पुनरुक्ती काढलीये, बाकी बोललो तसंच ठेवलंय.

मी जनावरांचा डॉक्टर आहे, त्यातही डोळ्यांचं काम जास्त करतो. तुमच्या व्हॉइस नोट्समध्ये एक प्रश्न फिरून फिरून येतो. "डॉक्टर, परवापर्यंत बॉल पकडत होता हो. आता दाराला धडकतोय. डोळे तर एकदम स्वच्छ दिसतायत. वय झालं म्हणायचं का?"

वय झालं म्हणून कुठलाही कुत्रा दोन दिवसांत आंधळा होत नाही. काहीतरी बिघडलेलं असतं. आणि ते 'काहीतरी' बऱ्याचदा त्याच्या स्वतःच्या प्रतिकारशक्तीशी संबंधित असतं. त्यातले काही आजार असे आहेत की आठवड्याच्या आत औषध पोचलं तर नजर परत येऊ शकते. काही असे आहेत की कितीही औषध द्या, काही उपयोग होत नाही, उलट औषधाचाच त्रास होतो. बाहेरून मात्र दोन्ही कुत्रे सारखेच दिसतात. म्हणून आजचा सगळा भाग एवढ्याच गोष्टीवर आहे: यातला कुठला आपल्यासमोर आहे, हे कसं ओळखायचं.

आधी एक शंका काढून टाकू. खरंच अचानक झालंय का? कुत्रा घरात आठवणीवर चालतो. त्याच्या डोक्यात सोफा, टीपॉय, पाण्याचं भांडं यांचा नकाशा पक्का असतो. नजर सहा महिने हळूहळू कमी होत असते आणि कुणाला पत्ता नसतो. मग गणपतीत मखरासाठी सोफा हलवला जातो, कुत्रा धडकतो, आणि घरचे म्हणतात, "कालच झालं." तेव्हा मागे जाऊन आठवा. रात्री जिना उतरायला घाबरत होता का? अंधारात अंगणात जायला नको म्हणत होता का? तसं असेल तर तो बहुतेक आनुवंशिक, हळू चालणारा पडद्याचा आजार असतो. त्याचा आजच्या विषयाशी संबंध नाही.

घरी करता येण्यासारखी एक साधी गोष्ट सांगतो. कापसाचा बोळा घ्या आणि कुत्र्यासमोर वरून सोडा. कापसाला आवाज नाही, वास नाही, वारा नाही. दिसत असेल तर नजर त्याच्या मागे जाते. डोळ्यासमोर हात हलवून बघू नका, वारा लागला तरी तो पापणी मिटतो आणि तुम्हाला वाटतं दिसतंय. आणि मोबाइल आहेच हातात, तर व्हिडिओ काढा. तो घरात कसा चालतो, उजेडात कसा, मंद दिव्यात कसा. दवाखान्यात आला की भीतीने त्याचं सगळं वागणं बदलतं, त्यामुळे घरचा एक मिनिटाचा व्हिडिओ आम्हाला फार उपयोगी पडतो.

डोळा लाल असेल, निळसर-ढगाळ दिसत असेल, कुत्रा तो चोळत असेल, मिटून घेत असेल, तर हा भाग ऐकणं थांबवा आणि त्याच दिवशी दवाखाना गाठा. काचबिंदूमध्ये तासांचा हिशोब असतो.

आता डोळे स्वच्छ, पण दिसत नाही, या गटाकडे येऊ.

तुमच्या फोनच्या कॅमेऱ्यात पुढे लेन्स असते, मागे सेन्सर, सेन्सरपासून एक पट्टी बोर्डाकडे जाते. डोळ्यात सेन्सर म्हणजे पडदा, पट्टी म्हणजे डोळ्याची नस, आणि बोर्ड म्हणजे मेंदू. पुढची काच स्वच्छ असून चित्र येत नसेल तर बिघाड या तीनपैकी एका ठिकाणी आहे. आमचं पहिलं काम ती जागा शोधणं. नाव, औषध, खर्च, सगळं त्यानंतर.

प्रतिकारशक्ती तिथे पोचतेच कशी, हा प्रश्न स्वाभाविक आहे. खरं तर डोळ्याचा आतला भाग आणि मेंदू हे दोन्ही प्रतिकारशक्तीपासून बरेचसे लपवून ठेवलेले असतात. रक्त आणि पडदा यांच्यामध्ये एक घट्ट भिंत असते. पडद्यातली कितीतरी प्रथिनं शरीराच्या सैनिक पेशींनी कधी पाहिलेलीच नसतात. जंतुसंसर्गाने, दाहाने किंवा कधी कुठल्यातरी गाठीमुळे ही भिंत फुटली किंवा ओळख पटवण्यात गोंधळ झाला, की त्या पेशींना आपलाच पडदा परका वाटतो. मग हल्ला सुरू. आणि पडद्याच्या पेशी, नसेचे तंतू, हे एकदा मेले की परत उगवत नाहीत. घाई असते ती यासाठी.

जागा शोधायला एक सुंदर चाचणी आहे. डोळ्याच्या बाहुलीवर आधी तांबडा आणि मग निळा प्रकाश टाकायचा. तांबड्या प्रकाशाला बाहुली आकसायची असेल तर पडद्यातल्या प्रकाश टिपणाऱ्या पेशी चालू असाव्या लागतात. तीव्र निळ्या प्रकाशाचं वेगळं आहे. पडद्याच्या आतल्या थरात काही पेशींमध्ये मेलॅनॉप्सिन नावाचं द्रव्य असतं, त्या पेशी स्वतःच निळा प्रकाश ओळखतात आणि बाहुली आकसवतात. या द्रव्याचा शोध १९९८ सालचा, म्हणजे तुमच्यातल्या बऱ्याच जणांच्या वयाचा. आता गंमत बघा. तांबड्याला बाहुली ढिम्म आणि निळ्याला झटकन आकसली, तर प्रकाश टिपणाऱ्या पेशी गेल्यात पण नस शाबूत आहे. दोन्हीला ढिम्म, तर संशय नसेवर. दोन्हीला व्यवस्थित आकसते आणि तरी दिसत नाही, तर भानगड मेंदूत. दोन मिनिटांत, न दुखवता एवढं कळतं.

आणि नाही, मोबाइलच्या स्क्रीनवर लाल-निळा रंग लावून ही चाचणी घरी करू नका. प्रकाशाची लांबी आणि तीव्रता ठरलेली असते, तांबडा साधारण ६३० नॅनोमीटर आणि निळा ४८०. स्क्रीनच्या उजेडात काहीच अर्थ निघत नाही, फक्त तुमची झोप उडते.

याच्या पुढची चाचणी म्हणजे ईआरजी, पडद्याचा ईसीजीच समजा. प्रकाश पडल्यावर पडदा वीज किती तयार करतो ते मोजतात. हे यंत्र सगळीकडे नसतं, पण तुमच्या नेहमीच्या डॉक्टरांना विचारा, कुठे पाठवायचं ते त्यांना माहीत असतं.

आता एकेक आजार. नसेपासून सुरू करतो, कारण इथे सगळ्यात जास्त हातात असतं.

नसेला सूज येते त्याला ऑप्टिक न्यूरायटिस म्हणतात. बहुतेक वेळा दोन्ही डोळे एकदम जातात. बाहुल्या मोठ्या, कुठल्याच प्रकाशाला दाद देत नाहीत. ईआरजी मात्र ठीक असतो. डोळ्यात आत बघितलं तर नसेचं टोक सुजलेलं, गुलाबी, कधी आजूबाजूला रक्ताचे ठिपके. पण सूज डोळ्याच्या मागच्या बाजूला असेल तर आतून काहीच दिसत नाही, सगळं नॉर्मल. कारणं बरीच: डिस्टेंपर, गोचीडताप, बुरशी, गाठ. आणि या सगळ्याला 'नाही' उत्तर आलं तर उरतं ते प्रतिकारशक्तीने मेंदू आणि नसेवर केलेला हल्ला. त्यासाठी मेंदूचा एमआरआय आणि पाठीच्या कण्यातल्या पाण्याची तपासणी लागते. खर्चिक आहे, मोठ्या शहरांतच होतं, मला मान्य आहे. परवडत नसेल तर तसं डॉक्टरांना स्पष्ट सांगा. जंतूंच्या चाचण्या करून, बाकी अंदाजावर उपचार सुरू करता येतात. आठवडाभर 'बघू' म्हणण्यापेक्षा ते बरं.

उपचार म्हणजे प्रतिकारशक्तीला आवर घालणं. स्टेरॉइड, मुख्यतः प्रेडनिसोलोन, आणि जोडीला सायटाराबिन किंवा सायक्लोस्पोरिनसारखं औषध, म्हणजे स्टेरॉइड लवकर कमी करता येतं. डोस मी इथे सांगणार नाही, कारण कुणीतरी तो मेडिकलमधून आणून देईल हे मला माहीत आहे.

साताऱ्याहून एक लॅब्रॅडोर यायची, चार वर्षांची. पाचव्या दिवशी आणली होती. नसेला सूज, जंतूंच्या चाचण्या स्वच्छ, एमआरआयमध्ये दाह. औषध सुरू केलं आणि दहाव्या दिवशी तिने कापसाच्या बोळ्यामागे मान वळवली. तिच्या दादाने तिथेच फरशीवर बसून घेतलं. दोन महिने छान गेले. मग फेऱ्या बंद झाल्या. चौथ्या महिन्यात फोन, "डॉक्टर, परत गेली हो नजर." औषध? "दिसायला लागलं होतं ना, म्हणून बंद केलं. गोळ्यांनी फार सू करत होती, घरचे वैतागले." त्याला मी काही बोललो नाही. तिसऱ्या मजल्यावर राहणाऱ्या माणसाला रात्री तीनदा कुत्रा खाली न्यावा लागतो तेव्हा काय होतं ते मला कळतं. पण दुसऱ्या वेळी एकाच डोळ्याची नजर परत आली. दिसायला लागणं म्हणजे आग विझणं नव्हे, निखारे राहतात. हे औषध महिनोन्‌महिने, पायरीपायरीने कमी करायचं असतं. एकदम बंद केलं तर आजार उलटतोच, शिवाय शरीराचं स्वतःचं स्टेरॉइड तयार करणंही तोवर मंदावलेलं असतं, त्यामुळे कुत्रा कोसळू शकतो. सूचा त्रास होतोय तर तसं सांगा, औषधांची जोडी बदलता येते.

आणखी एक. स्टेरॉइड चालू असताना मेलोक्सिकॅमसारखी दुखण्याची गोळी अजिबात द्यायची नाही, पोटात जखमा होऊन रक्तस्राव होतो. लंगडतोय म्हणून घरात उरलेली गोळी दिली, अशा केसेस आम्ही नेहमी बघतो.

आता आपल्याकडचा खास विषय, गोचीड. तपकिरी गोचीड चावली की एर्लिकिया नावाचा जंतू रक्तात शिरतो. ताप, सुस्ती, प्लेटलेट कमी, नाकातून रक्त, हे तुम्ही ऐकलेलं असतं. पण डोळ्यातही तो उतरतो. पडद्यावर रक्तस्राव, डोळ्याच्या आत सूज, कधी पडदाच सुटतो. यात जंतूचं थेट नुकसान कमी आणि त्याच्याविरुद्ध उठलेल्या प्रतिकारशक्तीचं जास्त, असंही होतं. जुनाट आजारात रक्तातली अँटिबॉडीची प्रथिनं इतकी वाढतात की रक्त दाट होतं आणि बारीक रक्तवाहिन्या फुटतात.

म्हणून माझा एक आग्रह आहे. महाराष्ट्रात, गोव्यात, कुठेही, अचानक नजर गेलेल्या कुत्र्याला स्टेरॉइड सुरू करण्याआधी रक्त काढून ठेवा. प्लेटलेट मोजा, गोचीडतापाची चाचणी करा, साखर आणि किडनी बघा, रक्तदाब घ्या. रक्तदाब वाढूनही पडदा सुटतो, विशेषतः किडनी बिघडलेल्या म्हाताऱ्या कुत्र्यांत. यातलं बरंचसं त्याच दिवशी होतं. आधीच स्टेरॉइडचं इंजेक्शन पडलं असेल तर पुढच्या तपासण्यांचं चित्र पुसट होतं, लिम्फोमासारखी गाठ असेल तर ती काही दिवस लपूनही राहते. गोचीडताप निघाला तर डॉक्सिसायक्लिन, साधारण चार आठवडे. ती गोळी कोरडी घालू नका, मागून थोडं खाणं द्या, नाहीतर घशात जळजळ होते. स्टेरॉइड कधीकधी यातही लागतं, पण जंतूवरच्या औषधासोबत, डोळ्यापुरतं, थोडे दिवस.

हस्की पाळणाऱ्यांसाठी थोडक्यात. पुण्या-मुंबईच्या उकाड्यात हा कुत्रा का पाळावा यावर मी एक वेगळा भाग करीन, तो ऐकून काही जण मला शिव्या देतील. असो. हस्की, अकिता, सामोयेड या जातींत एक आजार आहे ज्यात प्रतिकारशक्ती शरीरातल्या रंगपेशींवर उठते. रंगपेशी डोळ्यातही असतात आणि त्वचेतही. डोळे लाल होतात, आत सूज येते, पडदा सुटतो, आणि पुढेमागे नाक, ओठ, पापण्या पांढऱ्या पडायला लागतात. माणसातही असाच आजार असतो. नाकाचा काळा रंग उडतोय आणि डोळे लाल आहेत, तर "उन्हाने झालं असेल" म्हणून थांबू नका. उपचार बहुधा आयुष्यभर चालतो. पण लवकर सुरू केला तर सुटलेला पडदा परत बसू शकतो.

आता सगळ्यात अवघड भाग, सार्ड्स. सडन अक्वायर्ड रेटिनल डिजनरेशन सिंड्रोम. मराठीत याला अजून धड नाव नाही. काही दिवसांत, फार तर काही आठवड्यांत पडद्यातल्या प्रकाश टिपणाऱ्या पेशी बंद पडतात. १९८०च्या दशकात अमेरिकेत याचं पहिलं नीट वर्णन झालं, तेव्हा त्याला 'मुका पडदा' अशा अर्थाचं नाव होतं. समर्पक होतं ते. डोळ्यात आत बघा, सुरुवातीला सगळं सुंदर दिसतं. ईआरजी लावा, सरळ रेघ. बाहुली तांबड्याला ढिम्म, निळ्याला आकसते.

हा आजार होतो तो बहुधा मध्यमवयीन किंवा म्हाताऱ्या कुत्र्यांना, लहान चणीच्या जातींत जास्त, डॅशहुंड, पग वगैरे. आणि नजर जाण्याच्या आसपास एक विचित्र गोष्ट घडते. भूक प्रचंड वाढते, पाणी पिणं वाढतं, सू वाढते, वजन चढतं. डोंबिवलीच्या एका आजी त्यांचा नऊ वर्षांचा डॅशहुंड घेऊन आल्या होत्या. म्हणाल्या, "डॉक्टर, पोळ्यांचा डबा उघडून खाल्लान हो मेल्याने. कधी असं केलं नव्हतं. आणि त्याच आठवड्यात तुळशीला धडकला." आजींनी अर्ध्या मिनिटात अगदी पुस्तकातल्यासारखं वर्णन केलं.

सार्ड्स प्रतिकारशक्तीमुळे होतो का? हा वाद चाळीस वर्षं चालू आहे. काही संशोधकांना या कुत्र्यांच्या रक्तात पडद्याविरुद्धच्या अँटिबॉडी सापडल्या, काहींना निरोगी कुत्र्यांतही तशाच सापडल्या. अमेरिकेत आयोवामधल्या डॉक्टरांनी शिरेतून इम्युनोग्लोब्युलिन देऊन पाहिलं. त्यांच्या मांडणीनुसार सार्ड्ससारखाच दिसणारा, पण पडदा पूर्ण न मेलेला असा एक वेगळा प्रतिकारशक्तीचा आजार आहे, ज्यात ईआरजीत थोडी वीज शिल्लक असते आणि उपचाराला वाव असतो. दुसरीकडे २०१८ मध्ये मायकोफेनोलेट या प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या औषधाचा मोजक्या सार्ड्सच्या कुत्र्यांवर केलेला अभ्यास प्रसिद्ध झाला. नजर सुधारली नाही.

मग मी काय करतो? ईआरजीत काहीतरी हालचाल आहे, तांबड्या प्रकाशाला बाहुली थोडी तरी हलतेय, तर घरच्यांशी बोलून काही आठवड्यांचा उपचार करून बघतो. सुरू करतानाच थांबायची तारीख कागदावर लिहितो. ईआरजी सपाट असेल तर स्टेरॉइड देत नाही. माझे काही सहकारी देतात, त्यांचं म्हणणं 'प्रयत्न तरी केला' हे समाधान घरच्यांना मिळतं. मला ते पटत नाही. हा कुत्रा आधीच भुकेने, तहानेने वेडा झालेला, वजन वाढलेला. स्टेरॉइड नेमकं हेच आणखी वाढवतं. आजींचा कुत्रा दुसरीकडून महिनाभर स्टेरॉइड घेऊन आला होता. नजर तिथेच होती, दोन किलो वजन वाढलं होतं, आणि रात्रभर धापा टाकायचा. औषध हळूहळू उतरवलं, तीन आठवड्यांत तो निदान झोपायला लागला.

आजींनी मग हळूच विचारलं, "त्याला झोपवायचं का? मुलगा म्हणतो हाल नकोत."

हा प्रश्न खूप जण मनात ठेवतात, विचारत नाहीत. २०१३ मध्ये सार्ड्स झालेल्या १०० कुत्र्यांच्या मालकांची पाहणी प्रसिद्ध झाली होती. त्यातल्या ९५ जणांनी सांगितलं की या आजारासाठी कुत्र्याला झोपवू नका, असंच आम्ही दुसऱ्यांना सांगू. बहुतेकांचे कुत्रे घरात आणि अंगणात चांगले वावरत होते. हे आकडे मी आजींना सांगितले. नजर जाणं दुखत नाही हेही सांगितलं. पहिले काही आठवडे तो बावरतो, भुंकतो, एका कोपऱ्यात बसून राहतो, ते हाल वाटतात. पण ते शिकणं असतं. आपल्यासाठी डोळे हे पहिलं, त्याच्यासाठी नाक.

आता घरात काय करायचं ते पटापट सांगतो. सामान हलवू नका. खाण्या-पाण्याची भांडी एकाच जागी, खाली पायपुसणं टाका, पायाला लागलं की त्याला कळतं आलो. जिन्याला आणि गॅलरीला अडसर लावा, गावाकडे विहीर असेल तर आधी तिची सोय बघा. हात लावण्याआधी नावाने हाक मारा, लहान मुलांनाही हे शिकवा, दचकून चावलेला कुत्रा वाईट नसतो. दुसरा कुत्रा असेल तर त्याच्या गळ्यात घुंगरू बांधा. 'पायरी', 'थांब', 'वळ' असे दोन-तीन शब्द पक्के करा, घरातले सगळे तेच शब्द वापरतील असं बघा. गळ्यातल्या पट्ट्यापेक्षा छातीचा पट्टा बरा. आणि ती राक्षसी भूक पोळ्यांनी भागवू नका, दुधीभोपळा, काकडी द्या, मोजून. बॉल फेकायचा तर आवाज करणारा घ्या.

आजींचा डॅशहुंड आता दर तीन महिन्यांनी वजनाला येतो. दीड किलो उतरलाय. पोळ्यांचा डबा आजींनी वरच्या फळीवर ठेवलाय, तरी तो खाली उभा राहून त्या फळीकडे तोंड करून भुंकतो म्हणे.

तुमच्याकडे अशी केस असेल तर व्हॉइस नोटमध्ये कुत्र्याचं वय, जात, किती दिवस झाले, गोचीड होती का, आणि कुठलं औषध दिलंय ते नक्की सांगा, सोबत चालतानाचा व्हिडिओ जोडा. पण उत्तराची वाट बघत बसू नका. मी दोन-तीन दिवसांनी ऐकतो, आणि नसेला सूज असेल तर तेवढे दिवस हातात नसतात. आधी जवळचा दवाखाना, मग मी. पुढच्या भागात मधुमेह आणि मोतीबिंदू.